ग्रीक फ्रूट सॅलड, घट्ट दह्याच्या ड्रेसिंगसह

या सॅलडची सगळी मदार दह्यावर आहे. ग्रीसमध्ये पाणी निथळलेलं घट्ट दही वापरतात. आपला चक्का त्याच जातीचा, फक्त श्रीखंडासाठी लागतो इतका कोरडा नको. अर्धा किलो ताजं, सायीचं दही मलमलच्या फडक्यात बांधून फ्रिजमध्ये चाळणीवर 3 तास ठेवा. चमचा उलटा धरल्यावर ते क्षणभर चिकटून राहावं, मग सावकाश ओघळावं. दही आंबट असेल तर मध कितीही घाला, चव जुळत नाही.

त्यात 2 मोठे चमचे मध, अर्ध्या संत्र्याची किसलेली साल (पांढरा भाग कडवट लागतो, तो नको) आणि चिमूटभर दालचिनी पूड घालून चमच्यानं हलकेच कालवा. मिक्सर लावलात तर पातळ होईल.

चौघांसाठी 2 संत्री, 1 पेअर, 200 ग्रॅम बिनबियांची द्राक्षं, 4 ताजी अंजिरं. द्राक्षं धुऊन अगदी कोरडी पुसा. सोललेल्या संत्र्याच्या फोडी 10 मिनिटं निथळू द्या. तो रस पेअरच्या फोडींना चोळला की त्या काळ्या पडत नाहीत. अंजीर नाजूक, सगळ्यात शेवटी चिरा.

किवी ग्रीसमध्ये भरपूर पिकते, पण ती किंवा ताजा अननस दह्यात कालवून ठेवू नका. त्यांतली एन्झाइम्स दुधातली प्रथिनं तोडतात आणि दही कडवट होतं. साखरही नको, फळांना पाणी सुटतं.

मूठभर अक्रोड मंद आचेवर खमंग भाजा. ड्रेसिंग, अक्रोड आणि मधाची धार, तिन्ही वाढतानाच घाला.