ग्राउंडच्या आदल्या रात्री मोबाइल आईजवळ द्या

पहिल्या वनरक्षक भरतीत माझं ग्राउंड, म्हणजे धावण्याची चाचणी, हातचं गेलं. पायात कमी नव्हती. गावच्या पांदणीवर रोज ५ किलोमीटर मारत होतो, तुरीच्या दवानं पँट गुडघ्यापर्यंत भिजायची. पण आदल्या रात्री दोनपर्यंत ग्रुपवर कटऑफचं गणित चाललं. सकाळी तिसऱ्याच किलोमीटरला छातीवर दगड ठेवल्यासारखं झालं. मुठी एवढ्या आवळल्या होत्या की तळहातावर नखं उमटली.

बाबा म्हणाले, "पाय तं रोजचेच होते ना रे, मंग काहून दमला?"

उत्तर खूप नंतर वाचनात आलं. संशोधक सामुएले मार्कोरा आणि सहकाऱ्यांनी २००९ साली १६ जणांवरचा एक प्रयोग प्रसिद्ध केला. ९० मिनिटं डोकं शिणवणारं काम करून सायकल मारली, तर माणसं सरासरी ६४० सेकंदांत थांबली. तेवढाच वेळ साधे माहितीपट पाहत बसली, तेव्हा ७५४ सेकंद टिकली. हृदयात, स्नायूंत त्याचं कारण सापडलं नाही. तेच श्रम त्यांना जास्त जड वाटले, एवढंच. माझं तर जागरणही होतं वरून.

पुढच्या भरतीला मोबाइल आईजवळ दिला. शिट्टी झाली की पोरं उधळतात, त्यांना जाऊ दिलं. दर फेरीला एकच काम: खांदे खाली, मुठी सैल, श्वास पूर्ण बाहेर. भीतीनं श्वास वरच्यावर होतो, अंग ताठतं आणि ताठलेलं अंग फुकटची ताकद खातं. सकाळी जोशाचे व्हिडिओ तर पाहूच नका, धावायच्या आधीच धडधड वाढते.

खरी परीक्षा पुढे, २५ किलोमीटर चालणं, ४ तासांत. मुलींना १६. म्हणजे आपल्याला किलोमीटरमागे सुमारे साडेनऊ मिनिटं. एकोणिसाव्याला टाचेचा फोड फुटला. "अजून सहा" म्हटलं की पाय जागीच बसत होते, म्हणून नजर फक्त पुढच्या बाभळीवर ठेवली. ती आली की पुढची.

मात्र "मन घट्ट कर" हा सल्ला आपल्या उन्हात सरसकट ऐकू नका. चक्कर, मळमळ, बोलताना अडखळणं सुरू झालं की तो मनाचा खेळ नाही. तिथंच थांबा, सावली धरा, अंगावर पाणी ओता, कोणाला तरी हाक मारा. आमच्यासोबतचा एक पोरगा "होऊन जाते" म्हणत चालत राहिला आणि शेवटचे दोन किलोमीटर त्यानं अँब्युलन्समध्ये काढले.