चढ दिलाय, एक निर्देशक गायब आहे: तो कसा काढायचा?

दहावीच्या भूमितीत निर्देशक भूमितीच्या धड्यात हे गणित असतंच, दोन बिंदू दिलेले, रेषेचा चढ दिलेला, आणि एका कंसात आकड्याच्या जागी क बसलेला. काढा आता क ची किंमत. पोरं सूत्र बघूनच गार होतात, पण खरं तर हा साधा जिना आहे. चढ ३/४ म्हणजे उजवीकडे ४ घरं गेलं की ३ घरं वर, बास.

आता हे घ्या: अ (−३, २), ब (५, क), चढ ३/४.

आधी दोन्ही बिंदू एकाखाली एक लिहा, एक्सखाली एक्स, वायखाली वाय. चढ म्हणजे वायमधला फरक भागिले एक्समधला फरक. वर ब चा वाय पहिला घेतला तर खालीपण ब चाच एक्स पहिला घ्यायचा, नाहीतर इथे क ची किंमत ८ च्या ऐवजी −४ येते आणि चूक कुठे झाली तेच कळत नाही.

खालचा फरक ५ − (−३). इथेच माशी शिंकते! घाईत ५ − ३ = २ लिहिलं जातं, मी प्रीलिमला हेच केलं होतं, उत्तर साडेतीन आलं, मग साडेतीन कसं येईल म्हणून अख्खं गणित खोडून टाकलं. वजाला वजा म्हणजे अधिक, म्हणून ८.

(क − २)/८ = ३/४
४(क − २) = २४
क − २ = ६
क = ८

जिन्याने बघा, ८ घरं म्हणजे चारचारच्या दोन पायऱ्या, दोनदा ३ वर चढलो, २ वरून ८. जुळलं की नाही?

एक्स गायब असला की अज्ञात खाली जातो एवढाच फरक. प (ह, ७), फ (२, −१), चढ −२. वर −१ − ७ = −८, खाली २ − ह. तिरकस गुणाकार केला की −८ = −२(२ − ह), आता कंस सोडवत बसण्यापेक्षा दोन्हीकडे −२ ने भागा, ४ = २ − ह, म्हणजे ह = −२. ह च्या मागचा वजा विसरलात तर २ येईल, आणि मग दोन्ही एक्स सारखे, छेद शून्य. पडताळ्यात लगेच पकडलं जातं, म्हणून किंमत परत सूत्रात टाकून बघायची, अर्धं मिनिट लागतं.

कधी चढ थेट देत नाहीत, रेषा दुसऱ्या अमुक रेषेला समांतर आहे म्हणतात, तेव्हा त्या रेषेचा चढ काढून तोच वापरा. एक्स अक्षाच्या धन दिशेशी ४५ अंशाचा कोन दिला तर चढ १.

चढ शून्य असेल तर काही करायचंच नाही, दोन्ही वाय सारखे. पण चढ शून्य, दोन्ही वाय आधीच सारखे, आणि विचारलाय एक्स, तर दुसऱ्या बिंदूचा एक्स सोडून कुठलाही एक्स चालेल, एकच उत्तर निघणारच नाही. असं झालं तर आधी प्रश्न नीट उतरवून घेतलाय का ते बघा.