विनाशिकेचे छायाचित्र कसे वाचावे

मुंबईच्या माझगाव गोदीत बांधलेली 'सुरत' ही विनाशिका (डिस्ट्रॉयर प्रकारची युद्धनौका) १५ जानेवारी २०२५ रोजी नौदलात दाखल झाली, तेव्हा तिची छायाचित्रे सर्वत्र झळकली. अशा छायाचित्रात पाहणाऱ्याची नजर बहुधा पुढच्या तोफेवर जाऊन थांबते, आणि आजच्या विनाशिकेविषयी सर्वांत कमी माहिती देणारी वस्तू नेमकी तीच असते. या लेखातील कृतीसाठी दोन छायाचित्रे समोर घ्यावीत: एक 'सुरत'चे आणि दुसरे सोव्हिएत संघात बांधलेल्या, १९८० साली भारतीय नौदलात आलेल्या 'राजपूत'चे. दोन्ही छायाचित्रे नौकेच्या कडेने, तिची पूर्ण लांबी दिसेल अशी घेतलेली असावीत.

पहिली पायरी क्रमांक वाचण्याची. भारतीय नौदलात विनाशिकेच्या क्रमांकाआधी 'डी' आणि फ्रिगेटच्या (विनाशिकेहून सहसा लहान युद्धनौकेच्या) क्रमांकाआधी 'एफ' हे अक्षर असते. 'राजपूत' म्हणजे डी ५१, 'सुरत' म्हणजे डी ६९. परदेशी नौकांच्या बाबतीत मात्र नुसत्या नावावर विसंबू नये. जर्मनी सुमारे सात हजार टनांच्या नौकेलाही फ्रिगेटच म्हणते, तर जपानची 'इझुमो' ही सपाट डेकची, विमानवाहू नौकेसारखी दिसणारी नौका कागदोपत्री विनाशिकांच्या वर्गात मोडते. नावामागे कधीकधी अभियांत्रिकीपेक्षा राजकारण अधिक असते.

दुसऱ्या पायरीवर एकच प्रश्न विचारावा: ही नौका कोणाच्या धास्तीने बांधली गेली? रॉबर्ट व्हाइटहेड यांनी १८६६ साली स्वयंचलित टॉर्पेडो, म्हणजे पाण्याखालून स्वतः धावत जाऊन नौकेवर फुटणारे अस्त्र, तयार केला आणि पुढच्या काही वर्षांत टॉर्पेडो घेऊन धावणाऱ्या छोट्या, स्वस्त, वेगवान नौका अजस्र युद्धनौकांना भारी पडतील अशी स्थिती निर्माण झाली. त्यांना गाठून बुडवण्यासाठी ब्रिटिश नौदलाने १८९३ साली 'हॅवॉक' ही सुमारे २४० टनांची नौका पाण्यात उतरवली. या प्रकाराचे मूळ नाव 'टॉर्पेडो नौकांची विनाशिका' असे होते. पुढे नावाचा पहिला भाग गळाला, कारण विनाशिकेने स्वतःच टॉर्पेडो उचलून शिकारीचे काम हाती घेतले. पहिल्या महायुद्धात तिच्यापुढे पाणबुडी आली, दुसऱ्यात विमान, आणि २१ ऑक्टोबर १९६७ रोजी इजिप्तच्या छोट्या नौकांनी क्षेपणास्त्रे सोडून 'एलात' ही इस्रायली विनाशिका बुडवली. ४ डिसेंबर १९७१ च्या रात्री कराचीजवळ भारताच्या 'निर्घात' या क्षेपणास्त्र नौकेने पाकिस्तानची 'खैबर' ही विनाशिका बुडवली, तेव्हा वर्तुळ पूर्ण झाले: जिच्या नावातच छोट्या नौकांचा विनाश होता, तिला छोट्या नौकेनेच गाठले. नौदल दिन ४ डिसेंबरला साजरा होतो तो याच कराची मोहिमेच्या स्मरणार्थ.

तिसऱ्या पायरीला कागद-पेन्सिल लागेल. नौकेच्या लांबीला रुंदीने भागावे. 'हॅवॉक'ची लांबी सुमारे ५६ मीटर आणि रुंदी ५.६ मीटर, म्हणजे गुणोत्तर १०. दुसऱ्या महायुद्धातील अमेरिकेच्या 'फ्लेचर' वर्गाचे (वर्ग म्हणजे एकाच आराखड्यावरून बांधलेल्या नौका), ज्यात १७५ नौका बांधल्या गेल्या, गुणोत्तर ९.५ च्या आसपास येते, आणि १६३ मीटर लांब व १७.४ मीटर रुंद 'सुरत'चे ९.४. वजन तीसपट वाढले तरी सडपातळ बांधा टिकला, कारण वेगाने जाणाऱ्या नौकेला स्वतःच उठवलेल्या लाटांशी झगडावे लागते आणि लांब, अरुंद सांगाड्याला तो झगडा कमी करावा लागतो. या नियमाला ठळक अपवाद १९९१ पासून सेवेत असलेल्या अमेरिकी 'आर्ली बर्क' वर्गाचा आहे: तेथे गुणोत्तर आठच्याही खाली येते. रुंदी मुद्दाम का वाढवली असावी, याचा धागा डोलकाठीपाशी सापडेल.

चौथ्या पायरीवर नाळ, म्हणजे नौकेचे पुढचे टोक, पाहावी. सुरुवातीच्या विनाशिकांचा पुढचा भाग कासवाच्या पाठीसारखा गोलसर आणि पाण्यापासून जेमतेम वर असे. चाचणीत, शांत पाण्यात, तो वेगवान ठरे, पण खवळलेल्या समुद्रात नाळ लाटेत घुसून पुलावरची, म्हणजे नौका जेथून चालवली जाते त्या उंच मंचावरची, माणसे भिजून चिंब होत. १९०३ पासून आलेल्या ब्रिटिश 'रिव्हर' वर्गात पुढचा डेक उंच केला गेला. कागदावरचा वेग थोडा घटला, प्रत्यक्ष समुद्रातला वाढला.

धुराड्यांकडे थोडक्यात पाहून पुढे जावे. कोळशाची बाष्पयंत्रे, मग १८९९ च्या 'व्हायपर'वरील बाष्प टर्बाइन, मग तेल आणि शेवटी गॅस टर्बाइन, असा हा प्रवास आहे. 'राजपूत'वर बाजूबाजूला जोडीने बसवलेली चार धुराडी दिसतात, कारण चार गॅस टर्बाइनना हवा आणि निकास दोन्ही मुबलक लागतात.

आता डोलकाठी, येथे सर्वांत जास्त वेळ द्यावा. समुद्राला चिकटून येणारे क्षेपणास्त्र पृथ्वीच्या गोलाईमुळे डोलकाठीवरच्या रडारला उशिरा दिसते. रडारची उंची आणि क्षेपणास्त्राची उंची मीटरमध्ये घेऊन दोन्हींची वर्गमुळे काढावीत, त्यांची बेरीज करावी आणि ती ४.१ ने गुणावी. उत्तर किलोमीटरमध्ये येते. रडार २५ मीटरवर आणि क्षेपणास्त्र ४ मीटरवर असेल, तर हे अंतर सुमारे २९ किलोमीटर भरते. सेकंदाला तीनशे मीटर या वेगाने ते अंतर कापायला क्षेपणास्त्राला जेमतेम दीड मिनिट लागते. म्हणून रडार जमेल तितके वर न्यावेसे वाटते. पण वर नेलेला प्रत्येक टन नौकेला कलंडण्याकडे ओढतो. याची किंमत जपानने १९३४ साली मोजली: छोट्या सांगाड्यावर नको तितकी शस्त्रे लादलेली 'तोमोझुरू' ही टॉर्पेडो नौका वादळात उलटली, आणि पुढच्याच वर्षी दुसऱ्या वादळात 'फुबुकी' वर्गाच्या दोन विनाशिकांच्या नाळी तुटून गेल्या. उंचावरचे वजन सावरण्याचा एक उपाय म्हणजे रुंदी, आणि 'आर्ली बर्क'चे कमी गुणोत्तर या दृष्टीने पाहावे. 'सुरत'च्या डोलकाठीवर फिरत्या जाळीऐवजी चार दिशांना रोखलेले रडारचे चार सपाट चेहरे आहेत. तिच्या भिंतीही तिरक्या आहेत, जेणेकरून शत्रूच्या रडारची लहर आली त्या वाटेने परत जाऊ नये.

शेवटी डेकवर काय दिसत नाही, याची यादी करावी. 'राजपूत'च्या कडांवर क्षेपणास्त्रांच्या जाडजूड नळ्या उघड्यावर दिसतात आणि पुढच्या तोफेमागे विमानविरोधी क्षेपणास्त्रे सोडणारा दोन हातांचा क्षेपक आहे. तो दर वेळी पुन्हा भरावा लागे. 'सुरत'वर त्या जागी सपाट झाकणे दिसतात. त्यांच्याखाली १६ ब्राह्मोस आणि ३२ विमानविरोधी बराक क्षेपणास्त्रे उभी ठेवता येतात, आणि फिरवून नेम धरण्याचा वेळ वाचतो. मग नजर पिछाडीकडे न्यावी: 'राजपूत'वर एका हेलिकॉप्टरची सोय होती, 'सुरत'वर दोन हेलिकॉप्टरांची आहे. पाणबुडी शोधण्याचे काम आता बरेचसे त्या हेलिकॉप्टरांकडे असल्यामुळे, १८९३ साली ज्या जागेत जेमतेम एक तोफ मावली असती तेथे आज हँगरचे दार उघडते.