गृहकर्ज नक्की कितीला पडतं?

ईएमआय (दरमहा हप्ता) गुणिले महिने, वजा मुद्दल: हे झालं व्याज. ५० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं घ्या. हप्ता ४३,३९१ रुपये, एकूण परतफेड सुमारे १ कोटी ४ लाख. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजातच जातात, मुद्दल फिटतं जेमतेम ७,९७४.

खरी गोम फ्लोटिंग, म्हणजे मध्येच बदलू शकणाऱ्या, व्याजदरात आहे. सुरुवातीलाच दर ९ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत २७ महिन्यांनी लांबते. खिशाला चटका बसत नाही, म्हणून लक्षातही येत नाही! दर बदलला की बँकेकडून परतफेडीचा नवा तक्ता मागा, उरलेले हप्ते मोजा आणि झेपत असेल तर हप्ताच वाढवून घ्या. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जाला मुदतपूर्व परतफेडीचा दंड नाही. बोनस आला की सुरुवातीच्या वर्षांतच मुद्दलात भरा. प्रोसेसिंग फी आणि त्यावरचा जीएसटी वेगळा धरा.