रनिंग बॅकपासून प्रशिक्षकापर्यंत: बडोद्याच्या मैदानावर पळणारे कसे घडवावेत

ऑक्टोबर 2023मध्ये मुंबईत भरलेल्या आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीच्या अधिवेशनात 2028च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकसाठी क्रिकेटबरोबर फ्लॅग फुटबॉलचीही निवड झाली. क्रिकेटच्या गलबल्यात ही दुसरी बातमी तशी बाजूलाच पडली. हा अमेरिकन फुटबॉलचाच धाकटा प्रकार. दोन्हीकडे पाच-पाच खेळाडू, हेल्मेट नाही, अंगावर आदळणं नाही. पळणाऱ्याच्या कमरेची पट्टी ओढली की चाल तिथेच संपली. खो-खो किंवा कबड्डी खेळून झालेल्या आणि आता शिकवू पाहणाऱ्या माणसाला यात सगळ्यात ओळखीची वाटेल ती जागा रनिंग बॅकची, म्हणजे चेंडू घेऊन पळणाऱ्याची.

अडचण येते ती शिकवायला उभं राहिल्यावर. उत्तम हूल देणाऱ्याला ‘कशी देतोस?’ म्हणून विचारलं तर तो करून दाखवतो, सांगू शकत नाही. पाय कुठे पडला, नजर कुठे होती, कोपर किती वर होतं, हे सुटं करून सांगता आलं की शिकवणं सुरू होतं. 1923मध्ये हिंद विजय जिमखान्याने हुतुतूचे नियम छापले आणि त्याच वर्षी बडोद्यात अखिल भारतीय स्पर्धा घेतली, तेव्हा या गावाने नेमकं हेच केलं होतं: अंगवळणी पडलेला खेळ कागदावर उतरवला.

अमेरिकेत ही वाट कशी जाते

रनिंग बॅक अँथनी लिनला 1992मध्ये अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगच्या कुठल्याच संघाने निवडीच्या फेरीत घेतलं नाही. पुढे डेन्व्हरच्या दोन सुपर बोल (लीगचा अंतिम सामना) विजेत्या संघांत तो होता, पण चेंडू त्याच्या हाती क्वचितच यायचा. किकच्या वेळची धावपळ आणि दुसऱ्यासाठी वाट मोकळी करणं ही त्याची कामं. खेळणं थांबलं तसा 2000मध्ये तो डेन्व्हरमध्येच साहाय्यक झाला, 2003पासून रनिंग बॅकचा प्रशिक्षक म्हणून पाच संघांत राबला आणि 2017मध्ये चार्जर्स संघाचा मुख्य प्रशिक्षक झाला. शर्मन स्मिथ कॉलेजात क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकणारा किंवा पळणाऱ्याच्या हाती देणारा, होता. 1976मध्ये सिअ‍ॅटलच्या नव्या संघाने त्याला घेऊन रनिंग बॅक केलं. त्याच सिअ‍ॅटलने फेब्रुवारी 2014मध्ये पहिला सुपर बोल जिंकला तेव्हा तिथल्या रनिंग बॅकचा प्रशिक्षक तोच होता.

दोघांना दुसऱ्याच्या जागेवरून खेळ दिसत होता, शिकवताना तेच उपयोगी पडलं. तेव्हा अजून खेळत असाल तर आठवड्यातला एक सराव दुसऱ्याच्या जागेवर करा: एकदा चेंडू देणारा, एकदा पट्टी ओढणारा. घरी येऊन अर्धं पान लिहा. त्यात ‘मी काय केलं’ नको. ‘तिथून पळणारा कसा दिसला, तो कुठे वळणार हे मला आधी कशावरून कळलं’ एवढंच हवं.

आखणी आणि सामान

पूर्ण मैदान 50 बाय 25 यार्ड, शिवाय दोन्ही टोकांना 10-10 यार्डांची गोलपट्टी, जिथे चेंडू नेला की गुण मिळतात. मीटरमध्ये साधारण 64 बाय 23. बडोद्याच्या पोलो मैदानावर सकाळी क्रिकेटवाले यायच्या आत एवढी जागा मिळते. नाही मिळाली तरी बिघडत नाही. खो-खोचं 27 बाय 16 मीटरचं मैदान पळणाऱ्याच्या सगळ्या सरावाला पुरतं. कबड्डीचं 13 बाय 10 मात्र अपुरं, तिथे दिशा बदलून वेग घेईपर्यंत रेषा येते.

चुन्याने दर पाच यार्डांवर, म्हणजे साडेचार मीटरला थोडं वर, आडवी रेषा मारा. मध्यरेषेच्या अलीकडचे आणि गोलरेषेच्या अलीकडचे पाच यार्ड हा ‘पळबंदी’चा पट्टा. तिथून सुरू होणाऱ्या चालीत पास द्यावाच लागतो. त्याची कड तुटक रेषेने आखा, कारण सामन्याच्या घाईत मुलं नेमकी हीच रेषा विसरतात.

चेंडू अमेरिकन फुटबॉलचाच घ्या. मोठ्यांचा चेंडू सुमारे 28 सेंटीमीटर लांब आणि 400 ते 425 ग्रॅम वजनाचा असतो. लहानांसाठी धाकटा माप मिळतो. रग्बीच्या चेंडूवर भागवण्याचा मोह होतो, तो टाळा. त्याचं टोक बोथट आणि पोट मोठं असतं, त्यामुळे बोटांची पकड वेगळीच बसते आणि नंतर मोडावी लागते. दहा मुलांमागे चार चेंडू, प्रत्येकाला पट्टा आणि दोन्ही कुशींवर एकेक पट्टी, बारा शंकू, एक शिट्टी. पट्टा टीशर्टवरून बांधायचा, टीशर्ट चड्डीत खोचलेला. लोंबता टीशर्ट पट्टी झाकतो आणि मग वाद होतात.

पकड

सगळ्यात जास्त वेळ इथे घालवा. चेंडूचं पुढचं टोक पसरलेल्या बोटांत, तर्जनी आणि मधल्या बोटाच्या बेचक्यात. मग तळवा, कोपरापर्यंतचा हात, दंड आणि शेवटी बरगडी. या पाचही ठिकाणी चेंडू टेकलेला हवा आणि चेंडूचं टोक छातीइतकं उंच हवं. तपासायचं कसं? पळणाऱ्याच्या मागे उभे राहा. त्याच्या कोपरामागून चेंडूचं ढुंगण डोकावत असेल तर पकड ढिली आहे; मागच्या टोकाला हलकी थाप मारा, चेंडू पुढे निसटेल. मुलाला सांगत बसण्यापेक्षा हे एकदा घडू द्यावं.

जानेवारी 1988मध्ये क्लीव्हलंडचा पळणारा अर्नेस्ट बायनर डेन्व्हरविरुद्ध बरोबरीसाठी गोलरेषेकडे झेपावत असताना अगदी दाराशी जेरेमाया कॅस्टिलने त्याच्या हातातला चेंडू काढला आणि क्लीव्हलंडची सुपर बोलची वाट बंद झाली. त्या सामन्यात तोवर बायनर जबरदस्त खेळला होता, हे आता कुणाला आठवत नाही. पुढे वॉशिंग्टनकडून त्याने सुपर बोल जिंकला आणि निवृत्तीनंतर रनिंग बॅकचा प्रशिक्षक झाला. टेनेसीत त्याच्या हाताखाली ख्रिस जॉन्सन 2009च्या मोसमात 2,006 यार्ड पळाला. टिकी बार्बरची गोष्ट तर निव्वळ पकडीची आहे. न्यूयॉर्कच्या या पळणाऱ्याच्या हातून चेंडू सतत सुटायचा. 2004मध्ये नवे प्रशिक्षक आले, त्यात मिशिगनकडून फुलबॅक खेळलेला जेराल्ड इनग्रॅम होता. त्यांनी चेंडू उंच आणि छातीला घट्ट धरायला लावला आणि सुटणं झपाट्याने कमी झालं. तोवर बार्बर लीगमध्ये सात मोसम काढून बसला होता. म्हणजे पकड कुठल्याही वयात बदलते, फक्त ती रोज तपासणारा कुणीतरी हवा.

आता फ्लॅगमध्ये चेंडू जमिनीवर पडला की चाल संपते, प्रतिस्पर्ध्याला तो उचलून पळता येत नाही. मग एवढा खटाटोप कशाला? कारण दुसरं आहे. चेंडूचा हात खाली लोंबला की कोपर कुशीवरच्या पट्टीवर येतं, आणि पट्टी हाताने झाकणं हा फाउल आहे. छातीशी धरलेल्या चेंडूने कोपर आपोआप वर राहतं. अंगावर येणाऱ्या खेळात जी पकड चेंडू वाचवते, तीच इथे फाउलपासून वाचवते.

कबड्डीच्या मुलांना हा फाउल फार लागतो. चढाईत पाय धरायला आलेला हात झटकायचा, हे त्यांच्या हाडामांसी खिळलेलं असतं. पट्टीकडे येणारा हात दिसला की त्यांचा मोकळा हात विचार न करता खाली जातो. त्यावर उपाय असा: पहिले दोन आठवडे मोकळ्या हाताने विरुद्ध खांद्याची बाही धरून पळायला लावायचं. वेग पडतो, मुलं कुरकुरतात, पण हात खाली जाण्याची सवय सुटते आणि निसटायचं काम कंबर करायला शिकते. चेंडू कायम रेषेकडच्या हातात, पाठलाग करणाऱ्यापासून लांब.

चेंडू घेणं

क्वार्टरबॅक डावीकडून येत असेल तर पळणाऱ्याचं डावं कोपर वर, छातीच्या उंचीला. अंगठा खाली, तळवा बाहेरच्या बाजूला. उजवा हात बेंबीजवळ, तळवा आकाशाकडे. मधल्या खिशात चेंडू बसतो. चेंडू ठेवायचं काम देणाऱ्याचं. पळणारा चेंडू ओढायला गेला की वरचं कोपर पडतं आणि चेंडू मनगटावर आपटतो. दहापैकी आठ चुका इथल्या.

उरलेल्या चुका नजरेच्या. मूल चेंडूकडे बघतं, मान वर करेपर्यंत समोरचा बचाव हललेला असतो. तुम्ही पळणाऱ्याच्या समोर आठ-नऊ मीटरवर उभे राहा आणि चेंडू हातात पडण्याच्या क्षणी बोटं दाखवा: दोन, चार, तीन. त्याने पळता पळता आकडा ओरडायचा. चुकला तर पुन्हा. प्रत्येक बाजूने सहा-सहा वेळा, रोज.

कुठून घुसायचं तेही आकड्यानेच सांगा. अमेरिकेतल्या पद्धतीप्रमाणे मधल्या खेळाडूच्या उजवीकडच्या फटींना सम आकडे, डावीकडच्यांना विषम. दांडिया बाजारातली मराठी मुलं आणि अलकापुरीतली गुजराती मुलं एका संघात असली की ‘उजवीकडे’ आणि ‘जमणी बाजू’चा गोंधळ यामुळे आपसूक मिटतो.

हूल आणि वळण

खो-खोवाल्यांची हूल सुंदर असते, पण तिला पुढे जायची घाई नसते. तिथे वेळ काढणं हेच काम असतं, इथे घड्याळ नव्हे, जमीन मोजायची आहे. स्वतःच्या पाच यार्डांपासून सुरुवात, मध्यरेषा गाठायला चार चाली, म्हणजे 20 यार्डांना चार प्रयत्न: सरासरी पाच. आडवं चार पावलं नाचून पट्टी गेली तर चाल फुकट, आणि मागे सरकून गेली तर उलट तोटा. नियम करून टाका: एक हूल, मग सरळ. दुसरी हूल दिसली की शिट्टी.

हूल द्यायची ती बचाव करणारा हाताच्या दोन लांबींवर असताना. लांबून दिली तर तो सावरतो, फार जवळून दिली तर नुसता हात लांबवून पट्टी ओढतो. उजवीकडे वळायचं तर डावा पाय रोवायचा, पण खांद्याच्या रेषेबाहेर फार लांब नाही. लांब रोवला की घोट्यावर बाजूचा ताण येतो आणि सुक्या मातीवर पाय घसरतो. गुडघा वाकलेला, नाक पायाच्या बोटांच्या पुढे. गिरकी चालते, चेंडू घेऊन सूर मारणं किंवा उडी मारून निसटणं चालत नाही.

सराव साधा. पाच-पाच यार्डांवर तीन शंकू, मधल्यापासून सुरुवात: पाच यार्ड एका बाजूला, दहा उलट, पुन्हा पाच मध्याकडे. चेंडू हातात घेऊनच, आणि प्रत्येक वळणाला चेंडू बाहेरच्या हातात. सहा फेऱ्या, मध्ये 40 सेकंद चालत विश्रांती. वेळ नोंदवा, पण चौथ्या फेरीत वेळ एकदम वाढला तर तिथेच थांबवा. थकलेल्या पायांनी मूल चुकीचं वळणं पक्कं करतं.

दिवस कसा लावायचा

मार्च ते जून सकाळी सहाच्या आत मैदानावर, सव्वासातला सुट्टी. दहा मिनिटं अंग मोकळं करणं, पंधरा पकड, पंधरा चेंडू घेणं, पंधरा वळणं, उरलेली वीस पाच-पाचचा खेळ. खेळ शेवटीच ठेवा. आधी दिला की पकडीला कोणी उभं राहत नाही. पाणी दर पंधरा मिनिटांनी, मागितल्यावर नव्हे.

मोबाइल पळणाऱ्याच्या मागे दहा मीटरवर, जमेल तितका उंच लावा. ओट्यावर, भिंतीवर, नाही तर कुणाच्या तरी खांद्यावर. बाजूने घेतलेल्या चित्रात वेग दिसतो, मागून घेतलेल्यात फट दिसते, आणि शिकवायची आहे ती फट. एका मुलाला एका वेळी एकच चूक दाखवा. वहीत त्याच्या नावापुढे तीच लिहा आणि ती जाईपर्यंत दुसरी लिहू नका.

पावसाळ्यात चेंडू ओला होतो, बोटांची पकड पहिली जाते. एक चेंडू मुद्दाम बादलीत बुडवून रोज पाच मिनिटं वापरा, म्हणजे जुलैतल्या सामन्यात नवल वाटणार नाही. चिखलात वळणाचा सराव नको, त्या दिवशी फक्त चेंडू घेणं आणि आकडे ओरडणं.