कॅनरीचा निवडुंग आणि आमचा पाऊस

गोव्यात आसगावला एका बंगल्यात माझं वायरिंगचं काम चालू होतं. माळ्याने बागेतलं एक मोठं काटेरी झाड छाटून तुकडे गेटबाहेर टाकले होते. उभ्या कोनांचे, हिरव्या खांबांसारखे. मला ते आवडले. दोन तुकडे गोणत्यात घातले, स्कूटरच्या पुढ्यात ठेवले आणि डिचोलीला घेऊन आलो. म्हापशापर्यंत पोचलो नाही तोच गुडघ्याजवळ चुणचुणायला लागलं. पँट दुधाने चिकट झाली होती. घरी आईने लांबूनच बघितलं आणि म्हणाली, "शेराच्या जातीचं दिसतंय. दूध डोळ्यांत घालून घेशील हं." त्या वर्षी नाही, पण दोन वर्षांनी घालून घेतलंच. ते पुढे सांगतो.

झाडाचं शास्त्रीय नाव युफोर्बिया कॅनरिएन्सिस. लिनियसने १७५३ साली दिलेलं. नर्सरीत याला सरसकट कॅक्टस म्हणतात, पण हा कॅक्टस नव्हे, आपला कुंपणाचा शेर आणि त्रिधारी निवडुंग यांच्या कुळातला आहे. ओळखायचं असेल तर धारेवरचे काटे बघा. कॅक्टसचे काटे लवेच्या बारीक गादीतून झुबक्याने निघतात. याचे जोडीजोडीने, बैलाच्या शिंगांसारखे किंचित वाकलेले, आखूड. खांबाला धारा चार किंवा पाच. तीन धारा आणि वर छोटी पानं असली तर ते दुसरंच काही. तरी शंका वाटली तर टाचणी टोचा. बहुतेक कॅक्टसमधून पाणी येतं, यातून लगेच पांढरं दूध. टाचणी पुसून टाका, खिशाला लावू नका.

माझा भाचा क्रूझच्या बोटीवर आहे. बोट कॅनरी बेटांतल्या ग्रान कनारियाला लागली तेव्हा त्याने व्हिडिओ कॉल केला, "मामा, तुझी झाडं इथं डोंगरभर आहेत." खरंच होती. काळ्या-तांबड्या ज्वालामुखीच्या दगडांत, माती म्हणून नावाला नाही, आणि माणसापेक्षा उंच झुडपं. एकेका झुडपात पन्नास-शंभर खांब, बुंध्यापासून फुटून वर वळलेले, समईच्या वाती एकत्र पेटवाव्यात तसे. तिथे याला 'कार्दोन' म्हणतात आणि ग्रान कनारिया बेटाचं हे अधिकृत वनस्पती-चिन्ह आहे. भाच्याने विचारलं, बॅगेत घालून आणू का? मी सक्त नाही म्हटलं. असल्या झाडांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर साइट्स या वन्यजीव-व्यापाराच्या कराराचं नियंत्रण आहे, शिवाय आपल्याकडे परदेशातून रोप आणायला परवाना आणि रोगमुक्तीचा दाखला लागतो. विमानतळावर भाच्याची अब्रू जायची. कुणाच्या बागेत असेल तर छाटणीच्या वेळी तुकडा मागा, माळी खुशाल देतात.

त्या कॉलवर मला सगळ्यात कामाची गोष्ट कळली ती पावसाची. तिथल्या लास पाल्मास शहरात वर्षाचा पाऊस दीडशे मिलिमीटरच्या आसपास, तोही बराचसा थंडीत. आमच्याकडे वर्षाचा साधारण तीन हजार, आणि एकट्या जुलैत त्यांच्या वर्षाच्या पाचपट तरी सहज. माझं पहिलं झाड का मेलं ते तेव्हा कळलं. मी ते अंगणात तुळशीजवळ उघड्यावर लावलं होतं, छान दिसतं म्हणून. चवथीच्या आदल्या दिवशी माटोळी, म्हणजे गणपतीवरची फळा-पानांची चौकट, बांधताना धक्का लागला आणि अख्खा खांब मुळातून निखळून हातात आला. आत नुसता चिखल. वास असा की बायकोने मला आधी आंघोळीला पाठवलं.

आता दुधाचं. माझ्या धंद्यात मेन बंद केल्याशिवाय तारेला हात लावत नाहीत. इथे मेन बंद करायची सोय नाही, झाड कायम चालूच. कापायच्या आधी रबरी हातमोजे, पूर्ण बाह्यांचा जुना शर्ट, आणि डोळ्यांवर गॉगल. फॅब्रिकेशनवाले ग्राइंडिंगला लावतात तो, चारी बाजूंनी बंद असलेला. उन्हाचा चष्मा चालत नाही. मी तोच लावला होता. खांब कापला, घाम आला, मनगटाने कपाळ पुसलं. पाच मिनिटांनी डावा डोळा तिखट लागल्यासारखा पेटला. नळाखाली एकदाच धुतला आणि झोपून बघू म्हटलं, ही दुसरी चूक. रात्री उठलो तर खोलीतल्या बल्बभोवती रंगीत कडं दिसत होतं. आयुष्यभर बल्ब लावले, असं कधी दिसलं नव्हतं. सकाळी डॉक्टरकडे गेलो, त्यांनी पुन्हा धुतलं, थेंब दिले, आणि उशीर केल्याबद्दल झापलं. तीन दिवस स्टुलावर चढलो नाही. तेव्हा दूध डोळ्यात गेलं तर वाहत्या स्वच्छ पाण्याने निदान पंधरा-वीस मिनिटं धुवत राहा आणि त्याच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरकडे जा. कुठल्या झाडाचं दूध ते मोबाइलवर फोटो काढून दाखवा. कातडीवर उडालं तर साबणाने लगेच धुवा, सुकलं की निघत नाही. चाकू, करवत स्पिरिटने पुसा.

छाटलेले तुकडे जाळू नका, धूरही डोळे जाळतो. व्हाळात, म्हणजे ओढ्यात, तर अजिबात टाकू नका. कॅनरीचे मूळ रहिवासी असल्याच दुधाने डबक्यातले मासे गुंगवून धरत, एवढं सांगितलं की पुरे. मी खड्डा करून पुरतो. घरात रांगतं मूल असेल किंवा मोकळं सुटणारं कुत्रं, तर हे झाड आणूच नका.

फांदी लावायची ती फेब्रुवारीत. हवा कोरडी असते आणि पुढे तीन महिने ऊन. खांब जिथे बुंध्याला चिकटतो तिथे बारीक झालेला असतो, तिथेच कापा. वीतभर ते हातभर लांबीचा तुकडा पुरतो. कापलेलं तोंड लगेच पाण्याच्या टमरेलात धरा, दूध थांबतं. झाडावरच्या जखमेवरही पाणी शिंपडा. मग तुकडा सावलीत, वाऱ्यावर, उभा टेकवून दोन ते तीन आठवडे ठेवायचा. आडवा ठेवला तर शेंडा वर वळतो आणि खांब कायमचा वाकडा. तोंडावर नखाने टकटक केल्यावर सुक्या सालपटासारखा आवाज आला की तयार. पेरभर खोल लावा, दोन्ही बाजूंनी आधार द्या. माझ्याकडे वायरिंगच्या कन्ड्युट पाइपचे तुकडे पडलेले असतात, मी तेच खुपसतो. पहिले दोन आठवडे पाणी नाही, नंतर थोडं थोडं. महिना-दीड महिन्याने हलकेच हलवून बघा. हलला नाही म्हणजे मूळ धरलं.

कुंडी मातीचीच घ्या, तळाला भोक मोठं. डिचोलीला कुंभार आहेत म्हणून मला सोपं. भरायला मी दोन घमेली क्रशरची बारीक खडी, एक घमेलं चिऱ्याचे (जांभ्या दगडाचे) किंवा कौलांच्या नळ्यांचे चण्याएवढे तुकडे आणि एक घमेलं माती-कंपोस्ट घेतो. खडी धुऊन आणि तुकडे चाळून घ्यायचे. चिऱ्याची लाल भुकटी राहिली तर पहिल्याच पाण्याला तिचं सिमेंट होतं. मिरामारची वाळू फुकट मिळते म्हणून कुणी आणू नये, तिच्यात मीठ असतं. कोकोपीट तर विसराच. एकदा भिजलं की जुलैत सुकायचं नाव घेत नाही.

पाणी किती, हे मी माडाच्या झाडूच्या हिरावर ठरवतो. हीर कुंडीत कडेने तळापर्यंत खुपसायचा, मिनिटभर ठेवायचा, ओढायचा. ओलसर कण चिकटून आला तर आज पाणी नाही. स्वच्छ आला तर भोकातून वाहेपर्यंत एकदाच भरपूर. ऑक्टोबर ते मेमध्ये हे साधारण दहा-बारा दिवसांनी येतं. खत वर्षातून एकदा, नोव्हेंबरात मूठभर कंपोस्ट, बस्स. पांढरा पिठ्या ढेकूण धारांच्या खाचेत बसतो, त्याला स्पिरिटचा बोळा.

पावसाळ्याची तयारी मेच्या शेवटच्या आठवड्यात, पुरमेंताबरोबरच, म्हणजे पावसाळ्याचा शिधा भरून ठेवतो तेव्हाच. पाऊस आमच्याकडे पश्चिमेकडून आडवा येतो, म्हणून कुंडी घराच्या पूर्वेच्या बाजूला. नुसत्या छपराखाली ठेवून भागत नाही, पागोळ्यांचे शिंतोडे कुंडी भिजवतात. मी पाइपची चौकट करून वर पारदर्शक पत्रा टाकला आहे. पहिल्या वर्षी चारही बाजूंनी ताडपत्री गुंडाळली होती. पाणी एक थेंब आत गेलं नाही, पण आतली हवा अशी कोंडली की खांबांवर काळी बुरशी आली. आता बाजू उघड्या, आणि पत्रा शेंड्यापासून दोन फूट वर. कुंडीखाली चिरा ठेवू नका. चिरा पाणी पितो, त्यावर शेवाळ येतं आणि कुंडीचा तळ चार महिने ओला राहतो. माझ्या कुंड्या पाइपच्या तीन तुकड्यांवर बसतात, खालून वारा खेळतो. जून ते सप्टेंबर पाणी बंद. सलग आठवडाभर ऊन पडलं आणि हीर स्वच्छ आला तरच एक पेला.

दर रविवारी बुंधा अंगठ्याने दाबून बघतो. वय झालेला खांब खालून करडा, लाकडासारखा होतो, ते चांगलं. पिवळा-तपकिरी आणि मऊ लागला तर सोमवारची वाट न बघता कापायचं. सुरी उकळत्या पाण्यातून काढा, कुजलेल्याच्या वर कापा, आत एकही तांबूस ठिपका दिसेनासा होईपर्यंत चकत्या काढत जा, दर वेळी सुरी पुसत. तोंडावर गंधकाची पूड. खरी पंचाईत पुढे, कारण जुलैत ते तोंड वाळणार कसं? मी मांगरात, म्हणजे घराबाहेरच्या खोपटात, चुलीच्या वरच्या फळीवर ठेवलं, आईच्या कोकम सोलांच्या आणि सुक्या बांगड्यांच्या बाजूला. धग लागत नव्हती, नुसती ऊब. आई दोन दिवस बोलली नाही, पण महिन्याभरात तुकडा वाळला. आज माझ्याकडे जे झाड आहे ते तोच तुकडा. चार खांब, सगळ्यात उंच माझ्या कमरेला लागतो. फूल अजून नाही. भाच्याने फोटो पाठवलेत, शेंड्याजवळ लालसर, करंगळीच्या नखापेक्षा लहान.

दसऱ्याला पक्कड, टेस्टर, ड्रिल मशीन पुसून पूजेला मांडतो आणि त्याच दिवशी पत्रा काढतो. मात्र झाड तिथेच, सकाळच्या उन्हात, पंधरा दिवस. चार महिने सावलीत काढलेल्या झाडाला एकदम ऑक्टोबरची दुपार दाखवली की धारा भाजून तपकिरी होतात आणि तो डाग कधीच जात नाही. नंतर हळूहळू दक्षिणेच्या भिंतीकडे सरकवतो. पत्रा लगेच माळ्यावर टाकत नाही, भिंतीला टेकवून ठेवतो. दिवाळीपर्यंत दुपारची एखादी सर येऊन जातेच.