मांजू घरी करताय? आधी या चुका टाळा

इथे तोक्योत मराठी घरांतून मांजूचा, म्हणजे सारण भरून वाफवलेल्या जपानी गोड पदार्थाचा, प्रयोग फार होतो. अझुकीचं (बारीक लाल कडधान्याचं) गोड सारण, वरून पातळ पारी आणि वाफ, एवढं ऐकलं की सगळ्यांना वाटतं, आपल्याला मोदक येतात म्हणजे हेही जमलंच. नेमकं तिथेच बिनसतं. उकड गरम असतानाच मळावी लागते. मांजूत मात्र सगळं गार करून घ्यावं लागतं आणि पीठ मळायचंच नसतं.

गेल्या गणपतीत आमच्या इमारतीतल्या एका मैत्रिणीने नैवेद्याला मोदकांसोबत इकाहोसारखे तपकिरी मांजू ठेवायचं ठरवलं. गुन्मातल्या इकाहोच्या गरम झऱ्यांपाशी काळ्या साखरेचे मिळतात, तसे. दुपारी फोन आला, "ताई, फुगलेच नाहीत गं! सारण पण बाहेर आलंय." जाऊन पाहिलं तर परातीतलं पीठ अजून कोमट. तिने गरम पाण्यात गूळ विरघळवून लगेच सोडा आणि मैदा घातला होता. फेस आला तो तिला चांगला वाटला, पण सोड्याचा जोर तिथेच संपला होता. पीठ हाताला चिकटायला लागलं म्हणून आणखी मैदा घालून तिने ते उकडीसारखं रगडून मळलं. सारणही गॅसवरून नुकतंच उतरवलेलं. त्याच्या वाफेने पारी आतून ओली झाली आणि खाली फाटली.

दुसरा घाणा आम्ही सावकाश केला. १०० ग्रॅम मैदा, ६५ ग्रॅम गूळ, ३५ मिली पाणी. गूळ विरघळवून गाळला आणि पूर्ण गार होऊ दिला. मग अर्धा चहाचा चमचा खाण्याचा सोडा थोड्या पाण्यात कालवून त्यात घातला (सोड्याच्या गुठळ्या राहिल्या की सालीवर पिवळे-तपकिरी ठिपके पडतात). मैदा चाळून घातला, उलथन्याने हलकेच एकत्र केला आणि अर्धा तास झाकून ठेवला. पीठ सैलच असतं. हाताला आणि ओट्यावर मैदा लावून काम करायचं, पिठात वाढवायचा नाही. २० ग्रॅमची पारी, २५ ग्रॅमची सारणाची गोळी, असे दहा झाले आणि दहाही गोल राहिले.

सारणावर तर मी तासभर बोलेन. १३४९ साली चीनहून नाराला आलेल्या रिन जोइन यांनी मांसाऐवजी अझुकी भरून मांजू केले, अशी परंपरा आहे. नारातल्या कांगो देवळात अजून दर १९ एप्रिलला मांजूचा उत्सव होतो. म्हणजे इतकी शतकं हा पदार्थ सारणावर उभा आहे, आणि लोक डब्यातलं सैल सारण थेट भरतात! डब्यातलं आणलंत तरी कढईत आटवा. डाव फिरवल्यावर तळाशी रेघ राहिली आणि चमचाभर सारण ताटात ढिगासारखं उभं राहिलं, की झालं. लगेच ताटात पसरून गार करा, गोळ्या वळून ओल्या फडक्याखाली ठेवा. घरी शिजवत असाल तर पहिल्या उकळीचं पाणी फेकून द्या, तुरटपणा त्यातच जातो. साखर दाणा बोटाने सहज चिरडेपर्यंत घालू नका. आधी घातली तर दाणा टणकच राहतो, मग कितीही शिजवा. अझुकी मिळाली नाही तर लाल चवळी घ्या. राजमा नको, साल जाड.

बाकीचं थोडक्यात. पाणी खळखळ उकळल्याशिवाय मांजू आत ठेवू नका. झाकणाला फडकं बांधा, नाहीतर थेंब पडून पारीवर डाग उठतात. खाली कागदाचे तुकडे घाला, दोन मांजूंत दोन बोटं जागा सोडा. वर मैद्याची भुकटी राहिली असेल तर पाण्याचा हलका फवारा मारा. मोठ्या आचेवर दहा मिनिटं, आणि तेवढ्यात झाकण उघडायचं नाही. ज्यांना दर दोन मिनिटांनी आत डोकावल्याशिवाय चैन पडत नाही, त्यांनी सरळ दुसऱ्या खोलीत जाऊन बसावं.

पांढरे मांजू हवे असतील तर सोड्याऐवजी बेकिंग पावडर घ्या, सोड्याने मैदा पिवळा पडतो. बाहेर काढल्यावर पंख्याने वारा घाला, साल चकचकीत होते. उरलेले गार झाले की एकेक गुंडाळून फ्रीझरमध्ये टाका आणि खाताना पुन्हा वाफवा. मायक्रोवेव्हमध्ये मिनिटभर जास्त झालं तरी पारी चिवट होते.